हंगेरियन पटकथाकाराचे चरित्र मराठीत कसे लिहावे: एमरिक प्रेसबर्गरचे उदाहरण घेऊन

दिवाळी अंकासाठी अडीच हजार शब्दांचा लेख असो, नाहीतर नागपूरच्या एखाद्या वाचनमंडळात चाळीस मिनिटे बोलायचे असो, परदेशी पटकथाकाराचे चरित्र लिहायला घेतले की दुसऱ्या-तिसऱ्या पानावर गाडी अडते. दिग्दर्शकावर लिहिणाऱ्याच्या हाताशी निदान चित्रे असतात. पटकथाकाराचा ऐवज म्हणजे टायटल्समधले नाव, आणि तेही कधी दुसऱ्याच्या जोडीने, कधी टोपणनावाने, कधी गाळलेलेच. त्यात माणूस हंगेरियन असला तर देश बदलेल तसे नावही बदलते. म्हणून कामाचा क्रम आधीच ठरवून घ्यावा: आधी नावे, मग गावे, मग टायटल्स, आणि ही तिन्ही टिपणे हातात आल्यावरच लेखाचे पहिले वाक्य.

इथे उदाहरण घेतले आहे एमरिक प्रेसबर्गरचे. जन्म ५ डिसेंबर १९०२, हंगेरीतले मिश्कोल्त्स; मृत्यू ५ फेब्रुवारी १९८८, इंग्लंडच्या सफोक परगण्यात. ब्रिटिश दिग्दर्शक मायकेल पॉवेलबरोबर ‘द आर्चर्स’ या नावाखाली त्याने चित्रपट केले, त्यातले निदान पाच-सहा आजही जगभर पुन्हा पुन्हा पाहिले जातात. चरित्रकाराला पडणारे जवळजवळ सगळे पेच त्याच्या एकट्याच्या आयुष्यात सापडतात, म्हणून सरावाला तो चांगला.

नावाचा तक्ता

चाळीसेक कोरी कार्डे घ्या. पहिली पाच फक्त नावासाठी ठेवा. प्रत्येकावर तीन गोष्टी लिहायच्या: देश, वर्षे, आणि तिथे वापरलेले नावाचे रूप.

हंगेरीत आडनाव आधी लिहितात आणि बोलतातही, आपल्या शाळेच्या हजेरीपटासारखे. त्यामुळे जन्मनाव ‘प्रेसबुर्गर इम्रे’. जर्मनीत तोच एमरिख झाला, आणि इंग्लंडमध्ये १९३८ साली एमरिक. १९६६ साली ऑस्ट्रेलियात चित्रित झालेल्या ‘दे आर अ विअर्ड मॉब’ या चित्रपटावर पटकथाकार म्हणून ‘रिचर्ड इमरी’ असे नाव आहे, तोही हाच. इम्रेचा इमरी झाला हे लक्षात आले नाही, तर हा चित्रपट यादीतून हमखास सुटतो.

आडनावाचा अर्थही लिहून ठेवावा. प्रेसबर्गर म्हणजे प्रेसबुर्गचा. आपल्याकडे नागपूरकर म्हणतात तसा प्रेसबुर्गकर. प्रेसबुर्ग हे जर्मन नाव, हंगेरियन नाव पोझोन्य, आणि आजचे नाव ब्रातिस्लाव्हा, म्हणजे स्लोव्हाकियाची राजधानी. घराण्याचे आडनाव एका गावाचे आणि मुलाचा जन्म दुसऱ्या गावात, यात नवल नाही. नागपूरकर आडनावाची किती माणसे पुण्यात जन्मली असतील! पण ‘प्रेसबर्गरचा जन्म ब्रातिस्लाव्हाचा’ अशी चूक याच वाटेने लेखात शिरते.

दुसरा पटकथाकार निवडला असेल तर हे काम आणखी काटेकोर करावे लागते. यानोश सेकेयला १९४० च्या ‘अराइज, माय लव्ह’साठी कथेचे ऑस्कर मिळाले, तेव्हा टायटल्सवर त्याचे नाव होते जॉन एस. टोल्डी. कादंबरीवर तो जॉन पेन झाला. लास्लो वायदाने जर्मनीत पाब्स्ट या दिग्दर्शकासाठी पटकथा लिहिल्या. त्याचा मुलगा लादिस्लाओ वायदा स्पेनमध्ये दिग्दर्शक होता. आणि आपल्या फिल्म सोसायट्यांना ठाऊक असलेला आंद्रे वायदा तर पोलिश, त्याचा या दोघांशी काही संबंध नाही. तिघांची कार्डे वेगळी केली नाहीत तर एकाचे चित्रपट दुसऱ्याच्या खात्यात जमा होतात.

उच्चार आणि देवनागरी

इथे मराठी माणसाचा एक फायदा आहे. हंगेरियन लिपी रोमन असली तरी अक्षरांचे उच्चार ठरलेले आहेत, इंग्रजीसारखे लहरी नाहीत. नियम थोडेच. नुसता एस म्हणजे ‘श’, एस आणि झेड जोडून आले तर ‘स’. सी-एस जोडी म्हणजे तालव्य ‘च’, चहातला. नुसता सी म्हणजे दंत्य ‘च’, चमच्यातला. तो आपल्याला सहज म्हणता येतो, पण लिहिताना मात्र ‘त्स’ लिहावे, नाहीतर वाचणारा चहातला च वाचून मोकळा होतो. म्हणून मिश्कोल्त्स. एल-वाय जोडी म्हणजे ‘य’, म्हणून सेकेय, सेकेली नव्हे. जी-वाय म्हणजे साधारण ‘द्य’, म्हणून ‘निनोच्का’ या चित्रपटाची मूळ कथा लिहिणारा लेंद्येल, लेंगेल नव्हे. टी आणि डी दंत्य आहेत: ‘त’ आणि ‘द’. लंडनमधला निर्माता अलेक्झांडर कोर्डा याचे मूळ नाव शांदोर. ते ‘सँडोर’ लिहिले की इंग्रजी पुस्तकावरून उचलले हे लगेच कळते. नावाच्या पहिल्या अक्षरावर जोर द्यायचा, मग शब्द कितीही लांब असो.

रूढ झालेल्या रूपांना मात्र हात लावू नये. बुडापेस्टचे बुदापेश्त करून वाचकाला ठेच लावण्यात काही मिळत नाही. प्रेसबर्गरही इंग्लंडमध्ये या उच्चारानेच ओळखला गेला; लेखभर ‘प्रेसबर्गर’, आणि फक्त बालपणाच्या परिच्छेदात एकदा ‘प्रेसबुर्गर इम्रे’, एवढे पुरे.

मूळ हंगेरियन मजकूर संगणकाकडून भाषांतरित करून घेणार असाल तर सावध राहा. हंगेरियनमध्ये व्याकरणिक लिंगच नाही. ‘तो’ आणि ‘ती’ यांना एकच शब्द. मराठीत तर क्रियापदालाही लिंग लागते, त्यामुळे यंत्र अंदाजाने काहीतरी ठोकून देते आणि पटकथा लिहिणारी बाई सर्रास पुरुष होऊन जाते. प्रत्येक व्यक्तीचे लिंग वेगळे तपासा. तारखाही उलट्या क्रमाने असतात: आधी वर्ष, मग महिना, मग दिवस, आणि महिना कधी कधी रोमन अंकात.

गाव तेच, राज्य वेगळे

प्रेसबर्गर शिकला तेमेश्वारला. तेव्हा ते हंगेरीत होते. १९२० च्या त्रियानोंच्या तहानंतर ते रुमानियात गेले, आज त्याचे नाव तिमिश्वारा. मिश्कोल्त्स हंगेरीतच राहिले. त्यामुळे ‘तो रुमानियात शिकला’ हे वाक्य आजच्या नकाशावर बरोबर दिसते, पण त्याच्या शाळकरी दिवसांपुरते चूक आहे.

नागपूरच्या वाचकाला हे समजावायला फार शब्द लागत नाहीत. १९०२ सालीच नागपूरच्या महाल भागात जन्मलेला माणूस मध्य प्रांतात जन्मला. १९५० मध्ये त्याचे गाव मध्य प्रदेशची राजधानी झाले, १९५६ मध्ये मुंबई राज्यात आले आणि १९६० मध्ये महाराष्ट्रात. वाडा न सोडता त्याचे राज्य तीनदा बदलले. लेखात हा दाखला दोन ओळींत द्या आणि पुढे चला. गावाच्या कार्डावर तीन रकाने ठेवा: त्या वर्षीचे नाव, त्या वर्षीचा देश, आजचे नाव. मजकुरात त्या वर्षीचे नाव वापरायचे आणि आजचे नाव फक्त पहिल्या उल्लेखाला जोडायचे.

पुढचा प्रवास असा लावावा. प्राग आणि श्टुटगार्ट इथे गणित व अभियांत्रिकीचे शिक्षण; वडील वारल्यावर ते सुटले. १९२६ पासून बर्लिन, आधी वर्तमानपत्री लिखाण, मग उफा या बड्या चित्रपट कंपनीत पटकथा. १९३३ मध्ये नाझी सत्तेवर आले, ज्यू असल्यामुळे काम गेले, आणि तो पॅरिसला निघून गेला. १९३५ मध्ये लंडन. १९४६ मध्ये ब्रिटिश नागरिकत्व. या प्रत्येक टप्प्यावर नवी भाषा आहे: हंगेरियन, जर्मन, फ्रेंच, इंग्रजी. तिशी ओलांडल्यावर शिकलेल्या भाषेत त्याने आपले सर्वांत मोठे काम केले. चरित्राचा कणा हाच, असे आमचे मत आहे. लेखात जागा कमी पडली तर किस्से कापा, हा भाग कापू नका.

टायटल्स वाचणे

सगळ्यांत जास्त वेळ इथे द्यावा. कार्डांपैकी निम्मी याच कामाला लागतात.

आपल्याकडच्या चित्रपटांवर ‘कथा, पटकथा, संवाद’ अशी तीन वेगळी श्रेये येतात, ती सवय इथे उपयोगी पडते. ‘फॉर्टीनाइन्थ पॅरलल’साठी प्रेसबर्गरला ऑस्कर मिळाले ते मूळ कथेचे. त्याच चित्रपटाच्या पटकथेसाठी त्याला रॉडनी अॅकलंडबरोबर नामांकन होते, पण ते मिळाले नाही. त्याच वर्षी ‘वन ऑफ अवर एअरक्राफ्ट इज मिसिंग’च्या मूळ पटकथेसाठी पॉवेलबरोबर तिसरे नामांकन होते. एका वर्षात लेखनाच्या तीन वेगवेगळ्या विभागांत एकाच माणसाचे नाव. ‘त्याला पटकथेचे ऑस्कर मिळाले’ असे लिहिले की हे सगळे पुसले जाते. वर्षाचाही घोळ होतो: चित्रपट ब्रिटनमध्ये १९४१ चा, पुरस्कार १९४२ च्या चित्रपटांसाठीचा, सोहळा मार्च १९४३ चा. तिन्ही आकडे कार्डावर असू द्या आणि लेखात कुठला वापरला ते शब्दांत सांगा.

आता ‘द लाइफ अँड डेथ ऑफ कर्नल ब्लिंप’ (१९४३) लावा आणि टायटल्सवर चित्र थांबवा. श्रेय आहे: लेखन, निर्मिती आणि दिग्दर्शन, मायकेल पॉवेल आणि एमरिक प्रेसबर्गर. तिन्ही कामे दोघांच्या नावावर, एकाच पाटीवर, कसलीही वाटणी न करता. त्या काळात पटकथाकाराला दिग्दर्शकाच्या बरोबरीने बसवणारे असे श्रेय विरळाच. प्रत्यक्षात कथा-पटकथेचा मुख्य भार प्रेसबर्गरकडे असे, सेटवरचे दिग्दर्शन बहुतांशी पॉवेलकडे. पण अमुक दृश्याची कल्पना अमक्याची, हे पाटी सांगत नाही. तेव्हा आपणही ठामपणे सांगू नये.

उदाहरणार्थ, याच चित्रपटात एक द्वंद्वयुद्ध आहे. तलवारी निवडणे, नियम वाचणे, अंतर मोजणे, सगळी तयारी सविस्तर दाखवली जाते. आणि तलवारी भिडल्या की कॅमेरा वर वर जातो, छतापलीकडे बाहेर बर्फात येतो, आणि लढत आपल्याला दिसतच नाही. हे लिहिताना ‘प्रेसबर्गरने लढत वगळली’ म्हणू नका, ‘चित्रपट लढत वगळतो’ म्हणा. कर्ता बदलल्याने वाक्य खरे राहते.

यादी करताना एकच चित्रपट दोनदा मोजण्याचा धोका असतो, कारण अमेरिकेत नावे बदलून प्रदर्शन होत असे. ‘द स्पाय इन ब्लॅक’ तिकडे ‘यू-बोट २९’ झाला, ‘काँट्राबँड’चे ‘ब्लॅकआउट’, ‘फॉर्टीनाइन्थ पॅरलल’चे ‘द इन्व्हेडर्स’, ‘अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ’चे ‘स्टेअरवे टू हेवन’, ‘द बॅटल ऑफ द रिव्हर प्लेट’चे ‘पर्स्यूट ऑफ द ग्राफ श्पे’. कार्डावर दोन्ही नावे, मजकुरात मूळ ब्रिटिश नाव.

जोडीशिवायची कामे वेगळ्या रंगाच्या कार्डांवर घ्या, ती सहज विसरली जातात. बर्लिनमधला त्याच्या नावाचा पहिला चित्रपट ‘अब्शीड’ (१९३०), सहलेखिका इर्मा फॉन कूबे, दिग्दर्शक रॉबर्ट सिओडमाक. एकट्याने दिग्दर्शित केलेला ‘ट्वाइस अपॉन अ टाइम’ (१९५३). कादंबऱ्या दोन: ‘किलिंग अ माउस ऑन संडे’ (१९६१), जिच्यावर फ्रेड झिनेमनने ‘बिहोल्ड अ पेल हॉर्स’ (१९६४) काढला, आणि ‘द ग्लास पर्ल्स’ (१९६६). या दुसरीचा नायक लंडनमध्ये पियानो जुळवणारा म्हणून लपून राहिलेला नाझी डॉक्टर आहे. लेखकाची आई आउशवित्झमध्ये मारली गेली होती. ही दोन वाक्ये शेजारी ठेवावीत आणि मध्ये विशेषण घालू नये.

काय पाहावे, कोणत्या क्रमाने

सगळे चित्रपट पाहायची गरज नाही. पाच पुरतात: ‘फॉर्टीनाइन्थ पॅरलल’, ‘कर्नल ब्लिंप’, ‘आय नो व्हेअर आय अॅम गोइंग!’ (१९४५), ‘अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ’ (१९४६), ‘द रेड शूज’ (१९४८). मिळून सव्वादहा तासांच्या आसपास. ‘ब्लिंप’ घेताना लांबी पाहा: पूर्ण आवृत्ती १६३ मिनिटांची आहे. कापलेल्या आवृत्त्यांत भूतकाळात जाण्याची रचना मोडते, आणि पटकथेवर लिहायचे तर तीच हवी.

प्रत्येक चित्रपट दोनदा पाहा. दुसऱ्यांदा पाहताना घड्याळ आणि वही घेऊन बसा आणि दर दहा मिनिटांनी ‘आता कोणाला काय हवे आहे?’ याचे एका ओळीत उत्तर लिहा. ‘फॉर्टीनाइन्थ पॅरलल’मध्ये बुडालेल्या पाणबुडीचे सहा जर्मन कॅनडातून पळू पाहतात आणि एकेक करून कमी होतात, तुमच्या वहीत ती उतरती मोजणी आपोआप उमटते. ‘आय नो व्हेअर’मध्ये नायिकेला समोर दिसणाऱ्या बेटावर जायचे आहे आणि वादळ जाऊ देत नाही. इच्छा पहिल्या काही मिनिटांतच कळते, आणि पुढचा सगळा चित्रपट ती पुरी न होण्यावर उभा आहे. ही पटकथा त्याने काही दिवसांतच लिहून काढली, ‘अ मॅटर ऑफ लाइफ अँड डेथ’साठी रंगीत चित्रणाच्या टेक्निकलर कॅमेऱ्यांची वाट पाहावी लागत होती तेव्हा. ‘द रेड शूज’चे उलट: मूळ पटकथा त्याने तिशीच्या दशकात कोर्डासाठी लिहिली, ती पडून राहिली, आणि मग आर्चर्सनी ती परत विकत घेतली.

‘ब्लॅक नार्सिसस’ (१९४७) मुद्दाम यादीबाहेर ठेवला आहे. हिमालयातल्या मठाची गोष्ट, त्यात म्हैसूरकडचा नट साबू, म्हणून मराठी लेखकाला तिथेच रेंगाळावेसे वाटते. पण ती रुमर गॉडनच्या कादंबरीवरून घेतलेली आहे, सगळे चित्रण इंग्लंडमध्ये झाले, हिमालय रंगवलेला आहे, आणि भारतीय मुलीचे काम जीन सिमन्सने चेहरा सावळा करून केले आहे. हे सगळे स्पष्ट लिहा, एका परिच्छेदात, आणि थांबा. भारताचा धागा सापडला म्हणून अर्धा लेख त्याला दिला की प्रेसबर्गर हरवतो.

जवळून दाखवायचे एक दृश्य

लेखात एक दृश्य तरी सावकाश उलगडले पाहिजे. आमची शिफारस ‘ब्लिंप’मधल्या परकीय नागरिकांच्या कचेरीची. थिओ हा जुना जर्मन अधिकारी आता म्हातारा झाला आहे आणि इंग्लंडमध्ये राहायची परवानगी मागतो आहे. टेबलापलीकडे ब्रिटिश अधिकारी. थिओ सांगतो की बायको गेली, मुले नाझी झाली, आणि आता आपल्याला बायकोच्या देशात राहायचे आहे. थिओचे काम करणारा अँटन वॉलब्रुक हे आवाज न चढवता बोलतो. कॅमेरा हळूहळू त्याच्या चेहऱ्याकडे सरकतो आणि बराच वेळ कट येत नाही. वॉलब्रुक स्वतः ऑस्ट्रियाहून आलेला निर्वासित.

इथे हात शिवशिवतो: ‘थिओ म्हणजे प्रेसबर्गरच.’ तसे लिहू नका. आधी दृश्य सांगा. मग तारखा ठेवा: १९३३ बर्लिन सुटले, १९३५ लंडन, डिसेंबर १९४१ पासून ब्रिटन आणि हंगेरी यांच्यात युद्ध, म्हणजे हे लिहिले जात असताना लेखकाची जन्मभूमी शत्रुराष्ट्र. एवढे झाले की परिच्छेद संपवा.

लेखाचा आराखडा आणि मंडळातले वाचन

अडीच हजार शब्दांपैकी जन्म ते १९३५ याला सहाशे, पॉवेलबरोबरच्या वर्षांना हजार-बाराशे, १९५७ नंतरच्या काळाला चारशे, उरलेले दृश्याला. शेवटचा काळ गुंडाळण्याकडे कल असतो. तो आवरा, कादंबऱ्या तिथेच आहेत, आणि बाफ्टा या ब्रिटिश चित्रपट अकादमीची १९८१ ची फेलोशिपही. ‘तो’ लिहायचे की ‘ते’, हे पहिल्या ओळीआधी ठरवा. आवडत्या कलावंताला आपण एकेरीत बोलावतो, वर्तमानपत्री लेखात आदरार्थी येते, दोन्ही चालते. पण प्रेसबर्गर ‘ते’ आणि पॉवेल ‘तो’ असे झाले तर वाचकाला उगाच पायरी दिसते.

आधाराला इंग्रजी चरित्र हवेच. त्याचा नातू केव्हिन मॅकडोनाल्ड याने लिहिलेले १९९४ साली आले. शहरातल्या ग्रंथालयांत विचारून पाहा. नाही मिळाले तर पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची एक खेप काढा, वाचनाच्या वेळा आणि परवानगी आधी विचारून. नातवाने लिहिले असले तरी तारखा दुसऱ्या एका ठिकाणी पडताळा, घरच्या माणसालाही हा नियम लागू.

वाचन ठेवायचे तर मिनिटाला साधारण ११० शब्द धरा. अडीच हजार शब्दांना तेवीस मिनिटे लागतात, उरलेल्यात तीन छोटी दृश्ये दाखवता येतात. तारीख शक्यतो नोव्हेंबर ते फेब्रुवारीतली घ्या. नागपुरात एप्रिल-मेमध्ये कूलरशिवाय सभागृहात बसवत नाही, आणि कूलर सुरू असला की चाळीसच्या दशकातला एकपदरी आवाज, त्यात वॉलब्रुकचे हळू बोलणे, तिसऱ्या रांगेपुढे पोहोचत नाही. उन्हाळाच नशिबी असेल तर इंग्रजी उपशीर्षके सुरू ठेवा आणि दृश्यापुरता कूलर बंद करा. थिओचे बोलणे तेवढा वेळ उकाडा सहन करावा इतके मोलाचे आहे.

हस्तलिखितासोबत संपादकाला नावांचा एक वेगळा कागद पाठवा: डावीकडे देवनागरी रूप, उजवीकडे मूळ रोमन. हंगेरियनमधल्या ओ आणि यू या अक्षरांवर कधी दोन टिंबे असतात, कधी दोन तिरक्या रेघा. फाँट बदलला की त्या रेघा गळतात किंवा जागी चौकोन येतो, म्हणून हा कागद छापील प्रत किंवा फोटो म्हणून द्यावा. मुद्रितशोधनाच्या वेळी ‘मिश्कोल्त्स’चे ‘मिस्कोल्क’ झालेले नाही ना, एवढे आधी पाहा. ते शाबूत असेल तर बाकीची नावेही बहुधा कागदावरून पाहूनच जुळवलेली असतात.